उच्चारात नसलेला ‘ब’

आई सिंगापूरला आली त्या पहिल्याच आठवड्यात एमआरटीच्या गाडीत घोषणा झाली, ‘धोबी घाट’, आणि आई सीटवरून अर्धी उठली. “अरे, धोबीघाट म्हणाली ना ती बाई?” मी म्हटलं, हो, धोबीघाटच. इथे पूर्वी ओढा होता, आपल्याकडून आलेले धोबी त्याच्या काठी कपडे धुवायचे. ओढा गेला, धोबी गेले, स्टेशनाला नाव राहिलं. आईला इतका आनंद झाला की घरी पोचेपर्यंत तिचे प्रश्न संपेनात. कपडे वाळत कुठे घालायचे? पाऊस तर रोज पडतो इथे. आणि इस्त्रीचं काय?

दुसरी तिला आवडलेली जागा म्हणजे आमच्या ब्लॉकसमोरचं हॉकर सेंटर. ती त्याला ‘हॉकी सेंटर’ म्हणायची. कऱ्हाडच्या बाईने आयुष्यात हॉकर हा शब्द कशाला ऐकला असेल? हॉकी ऐकलेली होती, ती तिने तिथे बसवली. “चला, हॉकी सेंटरला जाऊन तो पातळ डोसा खाऊया,” म्हणजे प्राटा. सून हसायची, मी हसायचो, तीही हसायची. घरातली गंमत होती ती, तिच्यात विष नव्हतं.

मग एका संध्याकाळी, शेजारची दोन कुटुंबं घरी जेवायला आलेली असताना, माझी अकरा वर्षांची मुलगी सगळ्यांच्या देखत म्हणाली, “आजी इज सच अ मॅलाप्रॉप!” पाहुण्यांना मुलीचं भारी कौतुक वाटलं. केवढा शब्द! प्रायमरी फाइव्हची मुलगी! हशा झाला. आईही हसली आणि मग माझ्याकडे वळून हळूच म्हणाली, “मालाप काय म्हणाली रे?” मी म्हटलं, “काही नाही गं. चुकून निघालेल्या शब्दाला म्हणतात.”

पुढचे पाच आठवडे आईने ‘हॉकी सेंटर’ म्हटलं नाही. ‘हॉकर’ही म्हटलं नाही. “त्या समोरच्या खायच्या जागी जायचं का?” एवढंच. धोबीघाटही बंद झाला. काही बोलण्याआधी ती विचारू लागली, ह्याला काय म्हणायचं?

हे लिहायला बसलो ते मुलीबद्दल नव्हे. मुलीला मी त्या रात्री रागावलो. ती गोंधळून म्हणाली, “बाबा, पण तूच शिकवलास ना तो शब्द?” शिकवला होता. शेरिडनच्या १७७५ सालच्या ‘द रायव्हल्स’ नाटकातल्या मिसेस मॅलाप्रॉप, भारदस्त शब्द चुकीच्या जागी ठोकून देणाऱ्या बाई, त्यांच्यावरून तो इंग्रजीत आला, हेसुद्धा मीच तिला रंगवून सांगितलं होतं. इथल्या शाळांत निबंधासाठी ‘बॉम्बास्टिक’ शब्द पाठ करायची चाल आहे, शिकवणीचे वर्ग त्यावर चालतात. आमच्या घरी शिकवणी लागत नाही, बाप आहे. आणि खरं ते सांगतो. मुलगी ते बोलली त्या क्षणी माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की शब्द नीट लागू पडत नाही. मिसेस मॅलाप्रॉपना ऐट मिरवायची असते, आईला कुठे मिरवायचं होतं? आईचा चेहरा मला त्याच्यानंतर दिसला. आधी शब्द दिसला.

माझ्याकडे सात वह्या आहेत. दुर्मीळ इंग्रजी शब्दांच्या. पंचवीस वर्षांत भरलेल्या. त्यात ‘ॲप्रिसिटी’ आहे, म्हणजे हिवाळ्यातल्या उन्हाची ऊब. १६२३ साली हेन्री कॉकरम नावाच्या गृहस्थाने आपल्या कोशात तो घातला, आणि पुढे तो फारसा कुणी वापरला नाही. विषुववृत्तापासून जेमतेम सव्वा अंश उत्तरेला राहणाऱ्या माणसाने तो कुठे वापरायचा होता, देव जाणे. ‘पेट्रिकोर’ आहे. पहिल्या पावसात मातीला येणाऱ्या वासाला १९६४ साली इसाबेल बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियातल्या दोन शास्त्रज्ञांनी दिलेलं नाव. त्याच्या कितीतरी आधीपासून कनौजचे अत्तरवाले तो वास बाटलीत भरत होते. ‘व्हेलिइटी’ आहे, म्हणजे हात हलवायलाही न लावणारी अगदी पुसट इच्छा. हा एक मला स्वतःसाठी पुष्कळदा उपयोगी पडला आहे. आणि अर्थात तो एकोणतीस अक्षरांचा बाजीराव, ‘फ्लॉक्सिनॉसिनिहिलिपिलिफिकेशन’. ईटनच्या लॅटिन व्याकरणातले ‘कवडीमोल’ अशा अर्थाचे शब्द एकापुढे एक जोडून केलेला. अर्थ एवढाच, की एखाद्याची किंमत शून्य ठरवणं.

लोक विचारतात, हा छंद कसा लागला? मी सांगत आलो, भाषेची आवड. ते खोटं आहे. पूर्ण खोटं नाही, पण मुळात खोटं.

कऱ्हाडहून मराठी माध्यमातून बारावी करून मी पुण्यात कॉमर्सला गेलो. पहिल्या वर्षी अर्थशास्त्राच्या तासाला पुस्तकातला उतारा मोठ्याने वाचायची पाळी आली, आणि मी ‘नॅशनल डेब्ट’ असं वाचलं, ‘ब’ चांगला ठसठशीत उच्चारून. सर काही म्हणाले नाहीत. मागचा बाक हसला, मग सगळा वर्ग. ‘डेब्ट्या’ हे नाव मला तीन वर्षं पुरलं. वाईट मुलं नव्हती ती. त्यातले दोघं अजून माझे मित्र आहेत आणि त्यांच्या फोनमध्ये माझा नंबर त्याच नावाने आहे. पण त्या दुपारी मी ग्रंथालयात जाऊन मोठा कोश उघडला तो त्यांच्यावर डूख धरून. ह्यांना माहीत नाहीत असे शब्द मला माहीत असले पाहिजेत. वह्यांचा उगम तिथे आहे, आवडीत नाही.

त्या ‘ब’ची कुळकथा मला फार पुढे कळली. जुन्या इंग्रजांच्या त्या शब्दात ‘ब’ नव्हताच. फ्रेंचांकडून आला तसा ते लिहीत आणि म्हणत. सोळाव्या शतकाच्या सुमारास लॅटिन येणाऱ्या विद्वानांना वाटलं, मूळ शब्द ‘डेबिटम’ आहे हे लोकांना दिसायला हवं, म्हणून त्यांनी लिहिताना मध्ये ‘ब’ खोचला. बोलणाऱ्यांनी तो कधी घेतला नाही. शेक्सपिअरच्या ‘लव्ह्ज लेबर्स लॉस्ट’मध्ये होलोफर्नीस नावाचा एक शाळामास्तर आहे, त्याला लोक ह्या ‘ब’चा उच्चार करत नाहीत म्हणून संताप येतो. म्हणजे विद्वानांनी दिमाखासाठी घातलेलं अक्षर मी प्रामाणिकपणे वाचलं आणि हसू झालं माझं. ही गोष्ट कळली तेव्हा मी खूश झालो होतो. मित्रांना फोन करून सांगितली. तिच्यातून मी एवढंच घेतलं, की मी बरोबर होतो.

२००६ साली मी सिंगापूरला आलो, एका मालवाहतुकीच्या कंपनीत. तिथे एक वयस्क सहकारी होते. आम्ही सगळे त्यांना अंकल म्हणत असू, इथे साठीच्या आसपासच्या कुणालाही म्हणतात तसं. चिनी माध्यमातून शिकलेले. इथल्या लोकांना हे शब्द ऐकूनच एक अख्खा काळ आठवतो. लोकांनी वर्गण्या काढून, सायकलरिक्षा ओढणाऱ्यांनी एका दिवसाची कमाई देऊन उभं केलेलं चिनी भाषेतलं नानयांग विद्यापीठ १९८० मध्ये दुसऱ्या विद्यापीठात विलीन झालं. १९८७ पासून तर सगळ्याच शाळांचं माध्यम इंग्रजी झालं. देशाने ज्या भाषेवर पैज लावली ती जिंकली. त्यात जी पिढी आपली शाळा शिकून बाहेर पडली होती तिच्या हातात अचानक चलनातून गेलेल्या नोटा राहिल्या. अंकल त्यांतले. हिशेब तोंडपाठ, कुठल्या कंटेनरमध्ये काय आहे ते कागद न बघता सांगत, पण इंग्रजीत ईमेल लिहायची म्हणजे घाम फुटे. त्यांच्या ईमेल सुधारून द्यायचं काम माझ्याकडे आलं. मी ते करत असे, आणि त्यातली मजेदार वाक्यं दुसऱ्यांना वाचून दाखवत असे. हेही लिहून ठेवतो.

प्रत्येक डिलिव्हरी ऑर्डरच्या अंकल दोन छापील प्रती काढत, दोन्हींवर कंपनीचा ‘चॉप’ मारत, फाइलला लावत. चॉप म्हणजे शिक्का. आपल्या ‘छाप’वरूनच तो शब्द ह्या बंदरात आला. कागद स्कॅन होऊन सिस्टिममध्ये जायला लागून तीन वर्षं झाली होती. एका बैठकीत मी म्हटलं, हे बंद करूया. अंकल म्हणाले, थर्टी इयर्स आय डू लाइक धिस. आणि मला माझ्या वहीतला एक शब्द आठवला. सोडायला हवा होता. सोडला नाही.

मी म्हटलं, “देअर्स अ वर्ड फॉर धिस. मम्प्सिमस.” आणि गोष्ट सांगितली. इरॅस्मसने आणि रिचर्ड पेसने सोळाव्या शतकाच्या आरंभी सांगितलेली. एक अडाणी पाद्री प्रार्थनेत ‘सम्प्सिमस’ म्हणजे ‘आम्ही स्वीकारलं’ ह्याऐवजी ‘मम्प्सिमस’ म्हणत असे, त्याला काही अर्थच नाही. कुणी चूक दाखवली तर म्हणाला, तीस वर्षं मी असंच म्हणतोय, तुमच्या नव्या सम्प्सिमससाठी माझा जुना मम्प्सिमस सोडणार नाही. तीस वर्षांचा मेळ असा जुळला की टेबल खो खो हसलं. आमच्या साहेबांनी मला मान डोलावून दाद दिली.

अंकलनी खिशातून छोटी वही काढली आणि विचारलं, “हाउ टु स्पेल?”

त्यांना वाटलं, मी काही शिकवतोय. मी स्पेलिंग सांगितलं, एकेक अक्षर. त्यांनी ते लिहून घेतलं, बाजूला चिनी अक्षरांत काहीतरी लिहिलं. आठवड्याने ते माझ्या टेबलाशी आले. “आय चेक ऑलरेडी. ओल्ड प्रीस्ट.” मग छातीवर बोट ठेवून, “मी, लाह.” आणि हसले. मीही हसलो. छापील प्रती बंद झाल्या. २०१४ मध्ये ते निवृत्त झाले.

ह्यात माझी खरी अडचण अशी, की मुद्दा माझा बरोबर होता. त्या दोन प्रतींचा काही उपयोग नव्हता, पुढेही कधी लागल्या नाहीत. माझी चूक निघाली असती तर हे कधीच मनातून निस्तरलं असतं. बरोबर असल्यामुळे मला लपायला इतकी ऐसपैस जागा मिळाली की दहा वर्षं मी आत शिरून बसलो. मी कुणाला शिवी दिली नव्हती. उलट ज्ञान दिलं होतं. स्पेलिंगसकट.

२०१६ साली ऑक्सफर्डच्या मोठ्या कोशात सिंगापुरी इंग्रजीतले शब्द एकगठ्ठा आले. ‘शिओक’ आला, ‘लेपाक’ आला, ‘किलर लिटर’ आला, म्हणजे उंच इमारतीवरून खाली फेकलेली, डोक्यात पडली तर जीव घेणारी वस्तू. ‘किआसू’, हरायची धास्ती, तो तर आधीच गेला होता. ज्या देशात २००० साली खुद्द पंतप्रधान गोह चोक टोंग ह्यांनी ‘चांगलं इंग्रजी बोला’ अशी मोहीम काढली होती, तिथल्या लोकांना आपलं वाकडं इंग्रजी ऑक्सफर्डला पोचल्याचं कौतुकही वाटलं आणि थोडी लाजही. मी यादी हावऱ्यासारखी वाचली. ती वाचताना वहीत सगळ्यात आधी उतरवून घेतला तो शब्द ‘चायनीज हेलिकॉप्टर’. चिनी माध्यमात शिकलेल्या, इंग्रजी कच्चं असलेल्या माणसाला हिणवायचा शब्द. कुणीतरी अशाच माणसाला विचारलं असेल, तू कुठल्या माध्यमातला, आणि त्याने ‘चायनीज एज्युकेटेड’ म्हणायचा प्रयत्न केला असेल. ऐकणाऱ्याला ‘हेलिकॉप्टर’ ऐकू आलं.

तेव्हा मला तो गमतीदार व्युत्पत्तीचा नमुना वाटला. मी त्याच्यासमोर ‘हॉब्सन-जॉब्सन पाहा’ असं लिहिलं. यूल आणि बर्नेल ह्यांचा १८८६ चा प्रसिद्ध कोश, त्याचं नावच मोहरमच्या ‘या हसन, या हुसेन’ ह्या आक्रोशाचं गोऱ्या सोजिरांच्या कानांनी केलेलं भजं. माझी टीप विद्वत्तेला धरूनच होती. फक्त एक फरक माझ्या ध्यानात आला नाही. चुकीचं ऐकणारा वरचा असला की कोशाला त्याचं नाव मिळतं. चुकीचं बोलणारा खालचा असला की त्याला टोपणनाव मिळतं. मला मिळालंच होतं की, पुण्यात. इतकं असून मला अंकल आठवले नाहीत. माझी वही उघडी होती, पानावर त्यांचीच गोष्ट लिहिलेली होती, आणि मी शाईने तिच्याखाली रेघ मारत होतो.

आपण मराठीत असं काय कमी केलंय? प्लॅटफॉर्मचा फलाट केला, स्टेशनचं ठेसन केलं, आणि ‘डांबिस’ हा ‘डॅम बीस्ट’चा अवतार आहे असं म्हणतात. ह्यांतल्या कुणाला आपण चूक म्हणत नाही. त्या न्यायाने ‘हॉकी सेंटर’ हा शब्द चांगला तयार होत आला होता. आणखी दोन महिने मिळते तर आमच्या घरापुरता तो कोशात बसला असता. ‘हॉकर सेंटर’ही २०१६ च्या त्याच गठ्ठ्यात आलेला आहे, चायनीज हेलिकॉप्टरच्या सोबत. हे मी आई परत गेल्यावर पाहिलं.

आई गेल्यावर मला झोप नीट लागेना. शनिवारी मी व्हिक्टोरिया स्ट्रीटच्या राष्ट्रीय ग्रंथालयात जाऊन बसतो, ही सवय जुनी. तिथे वरच्या संदर्भ मजल्यांवर शांत असतं, थंडी मात्र अशी की ॲप्रिसिटी हवीशी वाटावी. तिथे एके दिवशी जुन्या इंग्रजीचं एक पुस्तक चाळताना जे नाव पुन्हा समोर आलं ते माझ्या दुसऱ्या वहीत वीस वर्षांपासून पडून आहे. ‘एयनबाइट ऑफ इनविट’. कँटरबरीच्या मठातल्या डॅन मायकेल नावाच्या साधूने १३४० साली एका फ्रेंच नीतिग्रंथाचं आपल्या केंट प्रांताच्या बोलीत भाषांतर केलं, त्याला हे नाव दिलं. त्याच्या स्वतःच्या हातची प्रत लंडनला आहे. इनविट म्हणजे आतली जाणीव. एयनबाइट म्हणजे पुन्हा चावणं. ‘रिमॉर्स’ ह्या लॅटिन वळणाच्या शब्दाचा त्याने केंटच्या शेतकऱ्याला कळेल असा जशाच्या तसा अनुवाद केला. आतलं माणूस पुन्हा पुन्हा चावतं. पुढे जॉइसने ‘युलिसिस’मध्ये त्याला परत आणलं, म्हणून तर माझ्या वहीत तो आला. साधूचा शब्द म्हणून नव्हे, जॉइसचा म्हणून. माझ्या नोंदीत लिहिलंय, ‘वापरण्यास उत्तम, कुणालाच माहीत नाही.’

ह्या गोष्टीला मराठीत भारदस्त शब्द आहे, सदसद्विवेकबुद्धी. शाळेत असताना तो एका दमात लिहिता आला की मास्तर खूश व्हायचे. माझ्या आईने तो आयुष्यात उच्चारला नसेल. ती म्हणते, मन खातं. एवढंच. शेजारणीला दोन शब्द जास्त बोलून आली की रात्री भाकरी थापताना म्हणायची, “मन खातंय गं माझं,” आणि दुसऱ्या दिवशी वाटीभर काहीतरी घेऊन तिच्याकडे जायची. कँटरबरीचा साधू सहाशे ऐंशी वर्षांपूर्वी ज्या दातांबद्दल लिहीत होता तेच हे दात. मी वीस वर्षं तो शब्द सांभाळला आणि त्याचा अर्थ आईच्या स्वयंपाकघरात रोज ऐकूनही दोन्ही एकमेकांशेजारी ठेवले नाहीत. कोशात अर्थ वाचला की मला शब्द कळला असं वाटतं. ॲप्रिसिटी मला अशीच कळलेली आहे, थंडीत कधी न राहता.

आता हेही सांगून टाकतो. वर मी १३४० साल सांगितलं, त्याआधी १६२३ सांगितलं, इरॅस्मस आणला, होलोफर्नीस आणला. कबुली देताना हे सगळं लागत होतं का? काही लागत होतं. काही मी नेहमीच्या सवयीने आणलं. कुणाला तरी ‘वा’ म्हणायला लावल्याशिवाय मला माफीसुद्धा मागता येत नाही, असं दिसतंय.

आईला फोन केला. म्हटलं, आई, त्या दिवशी पोरगी तुला हसली, मी खोटं सांगितलं, चांगला शब्द नव्हता तो. आई म्हणाली, “कळलं होतं मला. लहान आहे ती.” थोड्या वेळाने म्हणाली, “तू पण हसलास.” मी ‘हो’ म्हटलं. मग तिने पाणी कधी येतं, गॅसवाला कसा उशीर करतो, ते सांगितलं.

अंकलचं जास्त अवघड आहे. दर चिनी नववर्षाला त्यांचा व्हॉट्सॲपवर संत्र्यांच्या चित्राचा संदेश येतो, मी उलट एक स्टिकर पाठवतो. त्यांना लिहायला तीनदा बसलो. पहिल्या मसुद्यात ‘कॉन्ट्रिशन’ होता. दुसऱ्यात बैठकीचा संदर्भ, शब्दाचा संदर्भ, त्यांना आठवत नसेल तर आठवावं म्हणून पुन्हा पाद्र्याची गोष्ट, म्हणजे दुसऱ्यांदा तेच. तिसरा पुसून टाकला. त्यांना आठवत नसेल तर हे सांगणं म्हणजे त्यांच्यापाशी माझं ओझं उतरवून ठेवणं, आणि आठवत असेल तर ते दहा वर्षं मला संत्री पाठवतायत. दोन्हींपैकी काय वाईट, मला ठरवता येईना.

शेवटी लिहिलं, “अंकल, कोपी? सॅटर्डे?”

दोन मिनिटांत उत्तर आलं. “कॅन. बट सॅटर्डे कॅनॉट, मॉर्निंग मार्केटिंग.” मार्केटिंग म्हणजे इथल्या जुन्या माणसांच्या इंग्रजीत बाजारहाट. शनिवारी सकाळी ते बाजारात मासळी घ्यायला जातात, हे मला माहीत होतं, विसरलो होतो. रविवार ठरला, दहा वाजता, त्यांच्या ब्लॉकखालच्या कॉफीशॉपमध्ये.